दुसरी किल्ली कोणाच्या हाती?

शेतकऱ्याच्या घरात कुलूप ही काही नवी वस्तू नाही. दाराला कुलूप असते, कपाटाला असते, आणि विहिरीवरची केबल चोरीला जाऊ लागल्यापासून मोटारीच्या पेटीलाही कुलूप लावावे लागते. पण गेल्या दहा-बारा वर्षांत प्रत्येक घरात एक नवे कोठार आले आहे. त्याला कुलूप आहे की नाही, आणि असल्यास किल्ली कोणाजवळ आहे, याची चौकशी घरातला कर्ता माणूस सहसा करीत नाही. हे कोठार म्हणजे आपल्या खिशातला मोबाईल.

मी शेतीचा पदवीधर आणि नोकरी कृषी विस्ताराची. वडूजच्या आसपासची गावे पालथी घालताना पूर्वी लोक मला विचारीत, आल्याचा कंद का कुजतो, बटाट्याचे पान का करपते. ते प्रश्न आजही आहेतच. पण आता शेताच्या बांधावर उभा राहिलो की निम्मे प्रश्न मोबाईलचे असतात. ‘साहेब, पीएम किसानचं ई-केवायसी होत नाही.’ ‘साहेब, महाडीबीटीवर अर्ज भरला, पण ओटीपी येतच नाही.’ चौकशी केली की बहुतेक वेळा एकच गोष्ट निघते. ज्या क्रमांकावर ओटीपी जातो तो क्रमांक शेतकऱ्याचा नसतोच. तो कधी पुतण्याचा असतो, कधी दुकानदाराचा, तर कधी बंद पडलेल्या जुन्या सिमकार्डाचा. म्हणजे घर आपले आणि किल्ली दुसऱ्याच्या कमरेला.

ही गोष्ट किती महागात पडू शकते हे मला शेतीच्या योजनेमुळे नव्हे, तर एका मुलाच्या खेळामुळे नीट उमगले. ती हकीकत वाचकांना उपयोगी पडेल म्हणून सांगतो. घरातल्यांची नावे सांगण्याची गरज नाही.

खटाव तालुक्यातले हे चारचौघांसारखे कुटुंब. बापू आणि त्यांची कारभारीण शेती पाहतात. थोरला मुलगा आपल्या भागातल्या कित्येक तरुणांप्रमाणे सोन्या-चांदीच्या गलाईच्या धंद्यात कोइमतूरला आहे. धाकटा दहावीत. घरात म्हातारी आजी. आजोबा दीड वर्षापूर्वी वारले. धाकट्याला संध्याकाळी तासभर मोबाईलवर खेळायचा नाद. खेळ तोच, जो गावोगावची पोरे पारावर बसून खेळतात आणि ज्याला अजूनही सगळे ‘पब्जी’च म्हणतात.

या खेळाची थोडी माहिती पालकांना असावी. पब्जी मोबाईलवर आपल्या सरकारने २ सप्टेंबर २०२० रोजी इतर अनेक ॲपबरोबर बंदी घातली. पुढे दक्षिण कोरियाच्या क्राफ्टन कंपनीने तोच खेळ ‘बॅटलग्राउंड्स मोबाईल इंडिया’ या नावाने २ जुलै २०२१ रोजी भारतात आणला. जुलै २०२२ मध्ये तो पुन्हा मोबाईलच्या दुकानातून काढला गेला आणि मे २०२३ मध्ये परत आला. हा पैसे लावून खेळायचा जुगार नव्हे. तसल्या पैशाच्या ऑनलाइन खेळांना बंदी करणारा वेगळा कायदा केंद्राने २०२५ साली केला आहे. मात्र या खेळात ‘यूसी’ नावाचे खेळातले चलन असते. खरे पैसे देऊन ते विकत घ्यायचे आणि त्यातून आपल्या खेळाडूचे कपडे, बंदुकीचे रंग वगैरे घ्यायचे. दोन-तीन वर्षे खेळलेले, चांगला दर्जा मिळवलेले खाते म्हणजे मुलांच्या लेखी पोसलेला बैलच. कंपनीचे नियम खात्याची विक्री करू देत नाहीत, तरी चोरबाजारात अशी खाती विकली जातात. म्हणूनच ती चोरणारेही आहेत.

धाकट्याला एका ग्रुपवर निरोप आला, ‘येथे दाबा आणि यूसी फुकट मिळवा.’ त्याने दाबले. समोर हुबेहूब गूगलसारखे पान उघडले. त्याने त्यात ईमेल आणि पासवर्ड लिहिला. ते पान चोराचे होते. रात्रीत चोराने पासवर्ड बदलला, खाते परत मिळवण्यासाठी दिलेला क्रमांकही बदलला, आणि मुलाला बाहेर काढले.

इथे एक गोष्ट नीट समजून घेतली पाहिजे. या खेळाला स्वतःचे वेगळे कुलूप नसते. तो गूगल, फेसबुक किंवा एक्स यांपैकी एखाद्या खात्याच्या किल्लीने उघडतो. बापूंच्या घरात तो गूगलच्या खात्याने उघडत होता, आणि ते गूगलचे खाते घरातल्या मोबाईलवर थोरल्याने नोकरीला जाण्यापूर्वी उघडून दिलेले एकमेव खाते होते. त्याच खात्यात सातबाऱ्याचे, आधारकार्डाचे, बँकेच्या पासबुकाचे फोटो होते. फोनमध्ये जागा राहिली नाही म्हणून मुलाने मागे कधीतरी ‘जागा मोकळी करा’ हे बटण दाबले होते. त्यामुळे जुने फोटो फोनमध्ये उरले नव्हते, फक्त खात्यात होते. आजोबांच्या शेवटच्या पंढरपूर वारीचे फोटोही त्यांतच होते. चोराला पाहिजे होता खेळ. पण एकाच दाराने आत शिरल्यावर सगळे घरच त्याच्या हाती लागले.

मुलाने चार दिवस कोणाला काही सांगितले नाही. बापू तसे मनाने चांगले, पण रागाला तिखट. पोराला वाटले, खेळाचे नाव काढले तर मोबाईलही जाईल आणि पाठही सोलली जाईल. पाचव्या दिवशी आजींनी फोटो बघायला फोन मागितला आणि प्रकार उघडकीला आला. मी त्या दिवशी बटाट्याचे बेणे बघायला त्यांच्या घरी गेलो होतो. बापू संतापले होते, मुलगा खाली मान घालून बसला होता, आई दाराआड उभी. आजींना खेळाशी काही देणेघेणे नव्हते. त्यांनी मला एवढेच विचारले, ‘साहेब, ह्यांचं तोंड परत दिसंल का?’

त्या प्रश्नापुढे खेळ चांगला की वाईट हा वाद घालण्यात अर्थ नव्हता. मी बापूंना म्हटले, ‘बापू, रागवायचं ते उद्या रागवा. आज आधी ढोर कोंडवाड्यातून सोडवू.’

गूगलचे खाते गेले तर ते परत मागण्यासाठी ‘अकाउंट रिकव्हरी’ नावाचे पान असते. ते नेहमीच्याच फोनवरून आणि नेहमीच्याच जागेवरून उघडावे. कारण त्या फोनची आणि त्या जागेची ओळख गूगलकडे असते, आणि मागणारा खरा मालक आहे की नाही हे ताडण्यास तिची मदत होते. आठवत असलेला शेवटचा जुना पासवर्ड विचारतात, तो द्यावा. आणि एक महत्त्वाची सोय आहे. चोराने क्रमांक बदलला तरी आधीच्या क्रमांकावर ७ दिवसांपर्यंत ओटीपी पाठवण्याचा पर्याय गूगल देऊ शकते. म्हणजे पहिल्या आठवड्यात धावाधाव केली तर आशा असते. पाच दिवस गेलेच होते. हातात दोन उरले होते.

पर्याय आला. पण जुना क्रमांक कोणाचा? कोइमतूरला भट्टीसमोर बसलेल्या थोरल्याचा! खाते उघडताना त्याने सोयीसाठी स्वतःचा क्रमांक घातला होता. दुपारभर त्याला फोन लागेना. संध्याकाळी लागला. बापूंनीच तो लावला, आवाजाची ओळख पटली, मग त्याने सहा आकडे वाचून दाखवले आणि मुलाने ते भरले. नवा पासवर्ड घातला आणि खाते उघडले. काही फोटो चोराने काढून टाकले होते, पण खात्यातून काढलेले फोटो ६० दिवस कचऱ्याच्या टोपलीत राहतात. तिथून ते परत घेतले. खेळही त्याच किल्लीने उघडला. त्यात खेळाडूचे नाव बदललेले होते, बाकी बहुतेक शाबूत होते. आजींनी फोटोला हात जोडले आणि बापू काही न बोलता गोठ्याकडे गेले.

वाचकहो, हे कुटुंब सुटले ते थोडे नशिबाने. थोरल्याने मधल्या काळात सिमकार्ड बदलले असते तर? बंद पडलेला मोबाईल क्रमांक ९० दिवसांनंतर दुसऱ्या कोणाला दिला जाऊ शकतो. मग आपल्या घराचा ओटीपी कुठल्या तरी अनोळखी माणसाच्या खिशात वाजतो. म्हणून नशिबावर न सोडता कुलूप दुहेरी करावे, आणि दुसरी किल्ली आपल्या घरात ठेवावी.

दुहेरी कुलूप ही कल्पना आपल्याला परकी नाही. बँकेच्या लॉकरला दोन किल्ल्या लागतात, एक बँकेची आणि एक आपली. सरकारी कोषागाराची खोलीही दोन कुलपांची असते, आणि दोन्ही किल्ल्या एकाच माणसाजवळ ठेवीत नाहीत. कारण साधे आहे. एकाची किल्ली चोरीला गेली किंवा त्याची नियत फिरली, तरी खोली उघडू नये. मोबाईलवरच्या खात्याचेही तसेच आहे. पासवर्ड ही पहिली किल्ली, ती डोक्यात असते. दुसरी किल्ली आपल्या हातातली वस्तू असते, म्हणजे आपला फोन. इंग्रजी पडद्यावर याला ‘टू-स्टेप व्हेरिफिकेशन’ किंवा ‘टू-फॅक्टर’ म्हणतात. आपण त्याला दोन टप्प्यांची पडताळणी म्हणू.

गंमत म्हणजे हे दुहेरी कुलूप सर्वसामान्य माणसाच्या हाती देणाऱ्यांत खेळांच्या कंपन्या बऱ्याच पुढे होत्या. ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ या खेळाच्या ब्लिझार्ड या अमेरिकी कंपनीने २००८ साली खेळाडूंना किल्लीच्या जुडग्याला अडकवायचे एक छोटे यंत्र विकायला काढले. बटण दाबले की त्यावर आकडे येत आणि ते भरल्याशिवाय खाते उघडत नसे. आपल्याकडे रिझर्व्ह बँकेने कार्डाने ऑनलाइन पैसे देताना दुसरी पडताळणी १ ऑगस्ट २००९ पासून सक्तीची केली. गूगलने २०११ साली ही सोय सगळ्या खातेदारांना खुली केली. २०१८ साली ‘फोर्टनाइट’ या खेळाच्या एपिक कंपनीने तर, जो कोणी दुहेरी कुलूप लावील त्याच्या खेळाडूला एक नवा नाच फुकट देऊ, असे जाहीर केले. मला हे वाचून हसू आले. आम्ही विस्तार खात्यातली माणसे ठिबकला अनुदान देऊन दुसरे काय करतो? चांगली गोष्टसुद्धा माणसाच्या गळी उतरवायला थोडा गूळ लागतो.

बापूंच्या घरी पुढच्या रविवारी आम्ही जे केले ते कोणत्याही घरात तासाभरात होण्याजोगे आहे. फोनच्या सेटिंग्जमध्ये गूगलचे खाते, त्यात ‘सिक्युरिटी’ म्हणजे सुरक्षा. तिथे आधी पाहिले की हे खाते कोणकोणत्या फोनवर उघडे आहे. आपले नसलेले सगळे काढून टाकले. मग खाते परत मिळवण्यासाठीचा क्रमांक बापूंचा घातला आणि दुसरा ईमेल थोरल्याचा ठेवला. म्हणजे एक किल्ली घरात आणि एक आधार बाहेर. पासवर्ड नवा आणि लांब केला. मुलाचे नाव, जन्मसाल किंवा १२३४५६ असले काही त्यात ठेवले नाही. एका खात्याचा पासवर्ड दुसऱ्याला वापरायचा नाही हेही ठरले.

त्यानंतर दुसऱ्या किल्लीचा प्रश्न. ओटीपी एसएमएसने येतो हे सगळ्यांना ठाऊक आहे. पण माळावरच्या वस्तीत रेंज नसली की तो येत नाही, आणि सिमकार्ड दुसऱ्याच्या हाती गेले की ओटीपीही त्याच्याच हाती जातो. त्यापेक्षा ‘ऑथेंटिकेटर’ नावाचे ॲप बरे. ते आपल्या खात्याला एकदा जोडले की दर ३० सेकंदांनी नवे सहा आकडे दाखवते. त्याला रेंज लागत नाही. जोडताना दिलेले एक गुप्त बीज आणि फोनमधले घड्याळ यांच्या हिशोबावरून फोन ते आकडे स्वतःच काढतो, आणि तोच हिशोब पलीकडे गूगलही करते. दोघांचे उत्तर जुळले की दार उघडते. एकाच वाणाचे बी दोन शेतांत एकाच दिवशी पेरले तर दोन्हीकडे पीक सारखे यावे, तसा हा प्रकार.

आणि फोनच हरवला तर? त्यासाठी गूगल ‘बॅकअप कोड’ देते. ते दहा असतात, प्रत्येक आठ आकड्यांचा, आणि एक कोड एकदाच चालतो. ते फोटो काढून फोनमध्ये ठेवले तर किल्ली कुलपालाच टांगून ठेवल्यासारखे होते. धाकट्याने ते वहीच्या कागदावर स्वच्छ अक्षरात उतरवले आणि आईने तो कागद सातबारा आणि पासबुकाबरोबर ट्रंकेत ठेवला. त्या घरात आता दुसऱ्या किल्लीची राखण आईकडे आहे, आणि मला वाटते ती योग्य हातात आहे.

जाता जाता व्हॉट्सॲपचेही कुलूप दुहेरी केले. तिथे ‘टू-स्टेप व्हेरिफिकेशन’मध्ये सहा आकडी पिन घालता येतो. आपले व्हॉट्सॲप चोराच्या हाती गेले की तो आपल्या नावाने साऱ्या पाहुण्यारावळ्यांकडे पैसे मागत सुटतो, म्हणून हा पिन प्रत्येकाने घालावाच. तसेच ‘पीएम किसान’ वगैरे नावाच्या एपीके फाईली ग्रुपवर फिरतात. त्या उघडू नयेत. असले ॲप फोनमध्ये शिरले की आलेले ओटीपी परस्पर वाचू शकते. सरकारी योजनेचे ॲप व्हॉट्सॲपवरच्या फाईलीतून घ्यायचे नसते.

एक सावधगिरी मात्र सांगितली पाहिजे. दुहेरी कुलूपसुद्धा आपणच उघडून दिले तर निरुपयोगी ठरते. खोटे पान पासवर्डाबरोबर ओटीपीही मागू शकते. बापूंनी मला विचारले, ‘साहेब, ओटीपी कुणाला सांगू नका म्हणतात, आणि त्या दिवशी तर आपण पोराकडनं फोनवर घेतला. ते कसं?’ प्रश्न रास्त होता. फरक असा की त्या दिवशी ओटीपी आपण मागवला होता, फोन आपण लावला होता आणि पलीकडे आपलाच मुलगा होता. समोरून फोन आला, घाई केली, भीती घातली किंवा बक्षिसाची लालूच दाखवली, तर तो बँकेचा म्हणो की सरकारचा, आकडे सांगायचे नाहीत. यूपीआयचेही तसेच. पैसे घेण्यासाठी पिन कधीच लागत नाही. पिन लागतो तो देण्यासाठी. आणि इतके करूनही बँकेतून पैसे गेलेच, तर लाजत न बसता ताबडतोब १९३० या क्रमांकावर फोन करावा. चोरीचे पैसे पुढे सरकण्यापूर्वी अडवायचे असतील तर जितकी लवकर तक्रार तितके बरे.

आता थोडे पालकांशी. मुलाने खेळावे की नाही, किती वेळ खेळावे, हे प्रत्येक घराने ठरवावे. दहावीच्या वर्षाला तास ठरवून द्यावा, हे बापूंनी केले आणि ते योग्यच केले. पण चार दिवस जे वाया गेले ते चोरामुळे नव्हे, पोराच्या भीतीमुळे. पिकावर रोग दिसताच शेतकरी आम्हाला बोलावतो, कारण उशीर झाला तर औषध लागू पडत नाही हे त्याला ठाऊक असते. घरातला मुलगा मात्र आपली चूक दडपतो, कारण त्याला औषधाआधी काठी दिसते. काय घडले ते मोकळेपणाने सांगता येणारे घर हे चोराला सगळ्यांत अवघड जाते.

या हकीकतीतला धाकटाच आता आपल्या आळीतल्या लोकांना दुहेरी कुलूप लावून देतो. आजवर दहा-बारा घरे झाली असतील. तो फक्त दाखवतो, आकडे ज्याचे त्यानेच भरायचे, हा त्याचा नियम आहे. परवा तो मला म्हणाला, ‘साहेब, निम्म्या लोकांना आपल्या खात्याला कुणाचा नंबर आहे हेच माहीत नाही.’ एवढी एक गोष्ट जरी प्रत्येकाने तपासली तरी पुष्कळ झाले.

पेरणीच्या आधी बीजप्रक्रिया करायला थोडासाच वेळ लागतो आणि खर्चही थोडाच येतो. न केली तर नुकसान उगवणीनंतर दिसते, आणि तेव्हा ती करता येत नाही. तेव्हा या आठवड्यात रात्रीची जेवणे झाल्यावर घरातल्या सगळ्यांनी एकत्र बसावे. एक कोरा कागद घ्यावा. घरात कोणकोणती खाती आहेत, गूगलचे, बँकेचे, पीएम किसानचे, मुलांच्या खेळाचे, ती लिहावीत, आणि प्रत्येकापुढे कोणाचा क्रमांक जोडलेला आहे ते लिहावे. पासवर्ड त्यावर लिहू नये. ज्या ओळीपुढे घराबाहेरच्या माणसाचा किंवा बंद पडलेला क्रमांक निघेल, तिथे दुसऱ्याच दिवशी जाऊन तो बदलून घ्यावा.